प्रॉस्परोची काठी : अभिजात नाटक आणि आभासाची यंत्रे

गेल्या पावसाळ्यात एका सायंकाळी आमच्या धर्मग्रामातील, कनिष्ठ महाविद्यालयात शिकणारी दोन मुले आमच्या कार्यालयात आली. त्यांच्या हातात पुठ्ठ्याची एक लहानशी पेटी होती. तिच्या एका बाजूला दोन भिंगे बसवलेली होती आणि दुसऱ्या बाजूला मोबाईल ठेवण्यापुरती खाच होती. "फादर, तुम्ही आम्हांला हॅम्लेटची गोष्ट सांगितली होती. आता तुम्हीच हॅम्लेट पाहा," असे म्हणून त्यांनी ती पेटी आमच्या डोळ्यांना लावली. पाहता पाहता समोरची बाप्तिस्म्याची नोंदवही, कपाट आणि खिडकीबाहेरचा पाऊस हे सारे नाहीसे झाले. अंधुक उजेडाच्या, जुन्या सामानाने भरलेल्या एका विशाल दालनात आम्ही उभे होतो. मान डावीकडे वळवली की डावीकडचे दिसे, मागे वळलो की मागचे दिसे. त्या नादात आमचा हात लागून टेबलावरील चहाचा कप कलंडला आणि मुलांना हसू आवरेना.

आम्ही जे पाहिले ते अमेरिकेतील बॉस्टन येथील कॉमनवेल्थ शेक्सपिअर कंपनीने गूगलच्या सहकार्याने २०१९ साली तयार केलेले, सुमारे तासाभराचे 'हॅम्लेट' होते. दिग्दर्शक स्टीव्हन मेलर यांनी त्यात एक चतुर योजना केली आहे. पेटी डोळ्यांना लावणाऱ्या प्रेक्षकाला त्यांनी हॅम्लेटच्या वधलेल्या पित्याचे भूत केले आहे. हे भूत सर्वत्र हजर असते आणि सर्व पाहते; परंतु त्याला कोणाचा हात धरता येत नाही, की विषाचा पेला बाजूला सारता येत नाही. आपली पापे जळून जाईपर्यंत आपण अग्नीत शासन भोगत आहोत, असे शेक्सपिअरचे भूत सांगते. शुद्धिस्थानाची शिकवण अधिकृतपणे नाकारणाऱ्या देशाच्या रंगभूमीवर हे शब्द उच्चारले गेले, हे आमच्या वाचकांना विशेष वाटावे.

पेटी काढली तेव्हा मान अवघडली होती. मुले मात्र खऱ्या कामाकडे वळली. "फादर, नाटकाच्या तालमीला हल्ली कोणी वेळेवर येत नाही. या नाताळात मंडप आणि पडदे यांवर खर्च करण्याऐवजी असे चार-पाच हेडसेट घेतले तर? जगातली उत्तम नाटके आपल्याच सभागृहात दाखवता येतील." आम्ही हो म्हटले नाही आणि नाहीही म्हटले नाही, विचाराला अवधी मागून घेतला. त्या अवधीत आम्ही जे वाचले आणि ज्या निष्कर्षाला आलो, ते वाचकांपुढे मांडावे म्हणून हा लेखप्रपंच.

दरबारातील समुद्र

नाटक आणि यंत्र यांची सोयरीक फार जुनी आहे. ग्रीक रंगभूमीवर देवदेवतांना आकाशातून उतरवण्यासाठी याऱ्या वापरल्या जात. इसवी सनापूर्वी ४३१ साली झालेल्या युरिपिडिसच्या 'मेडिया' नाटकाच्या अखेरीस नायिका सूर्यदेवाच्या रथात बसून निघून जाते. ॲरिस्टॉटलने नाटकाची सहा अंगे सांगताना दृश्याची गणना शेवटी केली. दृश्य मन वेधून घेते हे त्याला मान्य होते, पण ते कवीपेक्षा सामान करणाऱ्या कारागिराच्या कलेवर अधिक अवलंबून असते, असे त्याचे मत पडले. सेमिनरीत हे वाक्य शिकताना आम्हांला ते कोरडे वाटले होते. त्यामागे केवढा वाद दडलेला आहे, हे आता उमगते.

हा वाद पुढे शेक्सपिअरच्या काळात इंग्लंडच्या दरबारात रंगला. तेथील राजा पहिला जेम्स आणि त्याची राणी ॲन यांना 'मास्क' नावाच्या दरबारी नृत्यनाट्याची विलक्षण आवड होती. ६ जानेवारी १६०५ रोजी, म्हणजे प्रभुप्रकटीकरणाच्या सणाच्या रात्री, व्हाइटहॉल राजवाड्यात 'द मास्क ऑफ ब्लॅकनेस' हा खेळ झाला. शब्द बेन जॉन्सन यांचे होते आणि देखावे इनिगो जोन्स यांचे. दिवाणखान्यात हलणाऱ्या लाटांचा कृत्रिम समुद्र उभा केला होता आणि एका प्रचंड शिंपल्यात बसून खुद्द राणी आपल्या सख्यांसह अवतरली होती. जोन्स यांनी इटलीतून यथार्थदर्शनाचे, म्हणजे सपाट पडद्यावर खोली भासवण्याचे तंत्र आणले होते. त्यांनी केलेली अनेक रेखाटने आजही उपलब्ध आहेत.

जॉन्सन आणि जोन्स यांनी सुमारे पंचवीस वर्षे एकत्र काम केले आणि ते सतत कुरबुरत राहिले. जॉन्सन हे मनस्वी गृहस्थ होते. १५९८ साली तुरुंगात असताना त्यांनी कॅथलिक श्रद्धा स्वीकारली आणि सुमारे बारा वर्षे ते त्या श्रद्धेत राहिले. खेळाचा आत्मा शब्दांत आहे आणि देखावा हे केवळ शरीर, असा त्यांचा आग्रह होता. जोन्स यांना आपली कला कवीच्या दासीसारखी राबवणे मान्य नव्हते. १६३१ साली दोघांचे कायमचे फाटले. त्यानंतर जॉन्सन यांनी जोन्स यांच्यावर जळजळीत उपरोधाची कविता लिहिली. पण दरबाराने कवीला बाजूला सारून कारागिराला जवळ केले.

याच वातावरणात शेक्सपिअर यांनी 'द टेंपेस्ट' लिहिले. त्यांच्या मंडळीला सुमारे १६०८ पासून लंडनमधील ब्लॅकफ्रायर्स येथील बंदिस्त नाट्यगृह वापरावयास मिळाले होते. ही वास्तू मूळची डॉमिनिकन संघाच्या मठाची. तो मठ १५३८ साली बंद करण्यात आला होता. मेणबत्त्यांच्या उजेडात खेळ चालणाऱ्या या जागेत संगीताला आणि चमत्कारांना अधिक वाव होता. 'टेंपेस्ट'चा पहिला नोंदलेला प्रयोग मात्र व्हाइटहॉलमध्ये, राजासमोर, १ नोव्हेंबर १६११ रोजी सर्व संतांच्या सणाच्या रात्री झाला.

कथा थोडक्यात अशी. मिलानचा ड्यूक प्रॉस्परो ग्रंथांत रमलेला असतो. त्याचा भाऊ त्याचे राज्य बळकावतो आणि त्याला लहानग्या मुलीसह समुद्रात सोडून देतो. एका बेटावर आश्रय मिळालेला प्रॉस्परो मंत्रविद्येने एरिअल नावाच्या वायुरूपी आत्म्याला आपल्या सेवेत घेतो. बारा वर्षांनी शत्रूंचे जहाज जवळून जात असता तो वादळ उठवतो आणि सर्वांना बेटावर खेचून आणतो. आता त्याने सूड घ्यावा की क्षमा करावी, हा नाटकाचा गाभा आहे.

या नाटकाच्या चौथ्या अंकात शेक्सपिअर यांनी एक छोटासा मास्कही घातला आहे. देवता अवतरतात आणि गाणी होतात. परंतु ऐन रंगात असताना प्रॉस्परोला आपल्याविरुद्धच्या कटाची आठवण होते, तो खेळ थांबवतो आणि सारे दृश्य विरून जाते. दरबाराला प्रिय असलेला देखावा शेक्सपिअर यांनी उभा केला आणि दरबारासमोरच तो मोडून दाखवला. पुढे प्रॉस्परो शत्रूंना क्षमा करतो, आपली जादूची काठी मोडून पुरण्याचा आणि ग्रंथ समुद्रात बुडवण्याचा निश्चय करतो. आभासाच्या यंत्राविषयी याहून मोठा विचार आम्हांला दुसऱ्या नाटकात आढळला नाही. प्रॉस्परो यंत्राचा तिरस्कार करत नाही. त्याच्यावाचून शत्रू त्याच्यासमोर आलेच नसते. मात्र क्षमा करण्याची घटका येते तेव्हा तो काठी हातातून खाली ठेवतो.

शाळेच्या अंगणातील रंगमंच

दरबारी खेळ पाहण्यासाठी असत. त्याच शतकात नाटक करून शिकण्याची एक वेगळी परंपरा युरोपभर वाढत होती आणि तिचे श्रेय येशूसंघाच्या शाळांना द्यावे लागते. संघाची पहिली मोठी शाळा १५४८ साली सिसिलीतील मेस्सिना येथे निघाली. लवकरच अशा शाळांतून वर्षअखेरीस किंवा बक्षीस समारंभाच्या वेळी नाटके होऊ लागली. १५९९ साली संघाची 'रात्सिओ स्तुदियोरुम' ही शिक्षणसंहिता कायम झाली. नाटके क्वचितच व्हावीत, लॅटिनमध्ये असावीत, विषय पवित्र असावा आणि त्यांत स्त्रीपात्र वा स्त्रीवेष नसावा, असा निर्बंध तीत आहे. प्रत्यक्षात नाटके क्वचित राहिली नाहीत आणि पुढे नियमही सैल झाले. अतिउत्साही शिक्षकांना आवर घालावा लागे, यावरूनच त्या उत्साहाची कल्पना येते.

नाटकाचा हेतू शिक्षकांच्या मनात स्पष्ट होता. मुलांची वाणी शुद्ध व्हावी, पाठांतर पक्के व्हावे, देहबोलीला वळण लागावे आणि चारचौघांत उभे राहून बोलण्याची भीती जावी, हे त्यांना साधायचे होते. पाहणाऱ्याइतकेच, किंबहुना त्याहून अधिक, करणारा शिकत असे. पुढे फ्रान्स आणि स्पेनच्या रंगभूमीवर अमर झालेले कॉर्नेय, मोलिएर आणि काल्देरॉन हे तिघेही येशूसंघाच्या शाळांचे विद्यार्थी होते, हा योगायोग म्हणून सोडून देता येत नाही.

प्रेक्षकांना लॅटिन समजत नसे. म्हणून जर्मन भाषी प्रदेशात नाटकाचा अंकवार सारांश छापून वाटण्याची पद्धत पडली. या प्रदेशातले सर्वांत गाजलेले नाटक म्हणजे येशूसंघीय याकोब बीडरमान यांचे 'केनोडोक्सुस'. ते १६०२ साली आउग्सबुर्ग येथे आणि १६०९ साली म्युनिक येथे झाले. पॅरिसमधील एक नामांकित विद्वान नायक आहे. जगाच्या दृष्टीने तो पुण्यवान असतो, पण आतून गर्वाने पोखरलेला असतो. त्याच्या अंत्यविधीच्या वेळी शव तीनदा उठून बसते आणि प्रथम आपल्यावर आरोप ठेवण्यात आला आहे, मग आपला न्याय झाला आहे, आणि शेवटी आपल्याला दंड ठोठावण्यात आला आहे, असे सांगते. ते पाहून ब्रुनो नावाचा तरुण संसाराचा त्याग करतो. कार्थुसियन संघाचे संस्थापक संत ब्रुनो ते हेच. म्युनिकच्या प्रयोगाला प्रेक्षक प्रारंभी हसत होते आणि अखेरीस थरथरत होते. दरबारातील चौदा मानकरी प्रयोगानंतर आध्यात्मिक साधनेसाठी एकांतात गेले, असे १६६६ साली छापलेल्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत नमूद आहे. प्रस्तावनाकाराने थोडी भर घातली असेल असे मानले, तरी परिणाम जबर झाला असावा यात शंका नाही. त्यासाठी लागली होती एक शवपेटी आणि तीतून उठून बसणारा एक मुलगा.

पन्नास वर्षांनी चित्र बदलले. १६५९ साली व्हिएन्ना येथे सम्राट पहिला लेओपोल्ड याच्यासमोर निकोलाउस आव्हानचिनी यांचे 'पिएतास विक्ट्रिक्स' सादर झाले. सम्राट कॉन्स्टंटाइनच्या विजयाची ही कथा. लढाया, आकाशातील दर्शने आणि उडते रथ यांची त्यात रेलचेल होती. यंत्रे बोलू लागली आणि मुलांचे शब्द त्यांत हरवू लागले, असे आम्हांला तरी वाटते. १७७३ साली पोपमहाशयांच्या आज्ञेने येशूसंघ विसर्जित झाला आणि ही रंगभूमीही मिटली. तिच्या अगणित नाटकांपैकी बहुतेक कधी छापली गेली नाहीत. पुष्कळांचा केवळ तो छापील सारांशच मागे राहिला आहे.

एका ठिपक्यावरून दिसणारा घुमट

आभासाच्या कलेत येशूसंघाने जी मजल मारली, तिचे एक उदाहरण आजही रोमला पाहावयास मिळते. संत इग्नेशियस यांच्या मंदिराला घुमट बांधायचा राहून गेला. तेव्हा संघाचे बंधू आंद्रेआ पोझ्झो यांनी १६८५ साली सपाट कापडावर घुमट रंगवून तो छताला बसवला. जमिनीवर एक खूण केलेली आहे. तिच्यावर उभे राहून वर पाहिले की खांब, कमानी आणि उजेड यांसह उंच घुमट दिसतो. तेथून दूर सरकू लागले की तो कलतो आणि वेडावाकडा होतो. पोझ्झो यांनी १६९३ साली यथार्थदर्शनावरील आपला प्रसिद्ध ग्रंथ काढला. त्यात नाट्यदृश्ये उभारण्याची कृतीही शिकवली आहे.

त्या खुणेचा आणि मुलांच्या पुठ्ठ्याच्या पेटीचा नियम एकच आहे. दृश्य एका डोळ्यासाठी, एका जागेवरून रचलेले असते. पेटी ती जागा आपल्या नाकावर बसवते आणि मान वळेल तसे चित्र वळवते, एवढाच काय तो भेद. मात्र पोझ्झो यांच्या मंदिरात एक भाविक बाजूला झाला की दुसरा त्या खुणेवर येतो आणि दोघे एकमेकांकडे पाहून हसतात. पेटीत शिरलेला माणूस शेजाऱ्याला दिसतो, पण त्याला शेजारी दिसत नाही.

पुढची वाटचाल भराभर सांगता येईल. सतराव्या शतकाच्या मध्यावर जादूचा कंदील आला. काचेवरील चित्र दिव्याच्या उजेडाने भिंतीवर पाडणारे हे यंत्र म्हणजे आजच्या प्रोजेक्टरचे पूर्वज. येशूसंघीय पंडित अथानासियुस किर्शर यांनी आपल्या प्रकाशविषयक ग्रंथाच्या १६७१ च्या आवृत्तीत त्याचे वर्णन केले. १८६२ साली नाताळच्या पूर्वसंध्येला लंडनच्या रॉयल पॉलिटेक्निकमध्ये जॉन हेन्री पेपर यांनी चार्ल्स डिकन्स यांच्या कथेतील भूत रंगमंचावर आणले. तिरकी ठेवलेली मोठी काच आणि खाली लपवलेला, प्रखर उजेडातला नट, एवढ्यावर ते भूत दिसे. मूळ कल्पना हेन्री डर्क्स यांची. पण नाव पेपर यांचेच झाले. भूत पारदर्शक असले तरी त्यामागे खाली कोठेतरी घामाघूम झालेला जिवंत माणूस होता, हे मात्र लक्षात ठेवण्याजोगे आहे.

संगणकाचे आगमन

संगणक अभिजात नाटकाच्या मदतीला प्रथम आला तो शिक्षक म्हणून. इंग्लंडमधील वॉरिक विद्यापीठात प्राध्यापक रिचर्ड बीचम यांनी गेल्या शतकाच्या अखेरीस 'थिएट्रॉन' नावाचा प्रकल्प हाती घेतला. पाडली गेलेली किंवा भग्न झालेली जुनी नाट्यगृहे संगणकावर त्रिमितीत उभी करावयाची, म्हणजे विद्यार्थ्याला त्यांत हिंडता येईल, असा हा बेत होता. रोममधील पाँपीच्या नाट्यगृहाचा अभ्यास त्यांनी विशेष परिश्रमाने केला. इसवी सनापूर्वी ५५ साली उघडलेले हे रोमचे पहिले कायमचे दगडी नाट्यगृह. त्याला जोडलेल्या आवारातील सभागृहात ज्युलियस सीझरचा वध झाला. आज त्या जागेवर घरे आहेत. पण काम्पो दे फियोरी चौकाजवळची एक गल्ली अजून अर्धवर्तुळात वळते, कारण तिच्यावरची घरे जुन्या आसनांच्या पायावर उभी आहेत. रोमयात्रेला जाणारे आमचे कितीतरी लोक त्या वळणावरून नकळत चालून येतात.

असे पुनर्निर्माण करताना मोठा धोका असतो. संगणकावरील भिंत इतकी खरी दिसते की अभ्यासकाने कोठे पुरावा वापरला आणि कोठे तर्क लढवला, हे पाहणाऱ्याला कळत नाही. २००६ साली लंडनच्या किंग्ज कॉलेजमधील अभ्यासकांच्या पुढाकाराने 'लंडन चार्टर' नावाची आचारसंहिता तयार झाली. माहीत असलेले आणि अनुमानाने भरलेले यांतील सीमा स्पष्ट दाखवा, असे ती सांगते. आभास दाखवा, पण तो आभास आहे हे लपवू नका, असा तिचा अर्थ आम्ही घेतो. शिक्षकाच्या प्रामाणिकपणाचा हा नियम धर्मशिक्षणाच्या वर्गालाही लागू पडावा.

रंगमंचावरचा मोठा प्रयोग २०१६ साली झाला. शेक्सपिअर यांच्या निधनाला चारशे वर्षे पूर्ण झाली, त्या वर्षाच्या नोव्हेंबरात रॉयल शेक्सपिअर कंपनीने स्ट्रॅटफर्ड येथे 'टेंपेस्ट' सादर केले. दिग्दर्शक होते ग्रेगरी डोरन आणि प्रॉस्परोच्या भूमिकेत सायमन रसेल बील. इंटेल कंपनी आणि इमॅजिनेरियम स्टुडिओज यांच्या साहाय्याने यंत्रणा उभारण्यात आली होती. एरिअल झालेले नट मार्क क्वार्टली यांच्या अंगातील पोशाखात संवेदक बसवले होते. त्यांनी हात उचलला की त्याच क्षणी उजेडाने घडलेली एरिअलची अधांतरी आकृती हात उचले. शेक्सपिअर आज असते तर मास्कच्या यंत्रांप्रमाणे त्यांनी हीही यंत्रे हाताळली असती, अशी त्यामागची भूमिका होती.

येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. क्वार्टली हे पेपर यांच्या नटासारखे लपलेले नव्हते; आकृती वर तरंगत असताना ते स्वतः रंगमंचावर दिसत होते. नटाकडे पाहावे की आकृतीकडे, असा पेच काही समीक्षकांना पडला आणि नटच अधिक भावला, असेही लिहिले गेले. 'टेंपेस्ट'च्या पाचव्या अंकात एक प्रसंग आहे. कैदेतील शत्रूंचे हाल पाहून एरिअल प्रॉस्परोला सांगतो, की तुम्ही त्यांना पाहिलेत तर तुमचे मन द्रवेल; मी माणूस असतो तर माझेही द्रवले असते. जो माणूस नाही त्याने माणसाला दयेची आठवण करून द्यावी आणि त्या क्षणापासून प्रॉस्परोने क्षमेकडे वळावे, ही शेक्सपिअर यांची किमया. हे वाक्य कोणतीही आकृती आपल्या बळावर बोलू शकत नाही. ते बोलायला दया म्हणजे काय हे जाणणारा श्वास लागतो.

पुढे महासाथ आली. याच कंपनीने 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'वर आधारलेला 'ड्रीम' हा प्रयोग प्रेक्षकांसमोर करायचे ठरवले होते. ते अशक्य झाल्यावर तो मार्च २०२१ मध्ये इंटरनेटवरून थेट सादर झाला. संवेदकांचे पोशाख घातलेले नट पोर्ट्समथ येथे एका मोकळ्या जागेत वावरत होते आणि घरोघरच्या पडद्यावर ते एका मायावी अरण्यातील पक आणि त्याचे सवंगडी होऊन दिसत होते. तिकीट काढणाऱ्या प्रेक्षकाला पडद्यावर बोटाने काजवे सोडून पकला वाट दाखवता येत असे. त्या दिवसांत आम्हीही रिकाम्या प्रभुमंदिरात कॅमेऱ्यासमोर मिस्सा अर्पण करत होतो. शब्द पलीकडे पोहोचत आहेत हे ठाऊक होते, पण लोकांचे 'आमेन' परत येत नव्हते. घरी बसलेल्या प्रेक्षकाच्या हाती काजवा देण्याची त्या नटांना इतकी निकड का वाटली असेल, हे आम्हांला सांगावे लागत नाही.

शिकण्याच्या दृष्टीने सर्वांत बोधक उदाहरण मात्र एका खेळण्याचे आहे. कॅलिफोर्निया विद्यापीठाच्या डेव्हिस येथील शाखेत प्राध्यापिका जिना ब्लूम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 'प्ले द नेव्ह' हा खेळ रचला. विद्यार्थी पडद्यासमोर उभे राहतात, नाट्यगृह आणि पात्र निवडतात. शेक्सपिअरच्या नाटकातील ओळी पडद्यावर येऊ लागतात आणि त्या मोठ्याने म्हणत अभिनय करायचा असतो. काइनेक्ट नावाचा कॅमेरा त्यांच्या हालचाली टिपतो आणि पडद्यावरील बाहुले तशाच हालचाली करते. कधी बाहुल्याचा हात भलतीकडे पिळवटतो आणि वर्ग हसून लोटपोट होतो. परंतु त्या हसण्यातच, आपला हात कोठे होता आणि राजाने तो कोठे ठेवायला हवा, हा प्रश्न मुलांना प्रथमच पडतो. येशूसंघाच्या शाळेतील शिक्षकाला हे पाहून आनंद झाला असता. येथे यंत्र मुलाला खुर्चीत बसवून ठेवत नाही, उठून उभे करते.

उरले काय?

तो काइनेक्ट कॅमेरा बनवणे मायक्रोसॉफ्टने २०१७ साली थांबवले. जोन्स यांच्या लाटा, आव्हानचिनी यांचे उडते रथ आणि पेपर यांची काच यांच्या वाटेने तोही गेला. आमच्या पोरांची पेटीही जाईल. यंत्राचे आयुष्य थोडे असते, यात त्याचा दोष नाही.

'टेंपेस्ट' मात्र उरले, आणि तेही थोडक्यात बचावले. शेक्सपिअर यांच्या हयातीत ते छापले गेले नव्हते. त्यांच्या मृत्यूनंतर सात वर्षांनी, १६२३ साली, त्यांचे सहकारी नट जॉन हेमिंग्ज आणि हेन्री कॉन्डेल यांनी त्यांची छत्तीस नाटके एका ग्रंथात छापून काढली. त्यांपैकी सुमारे निम्मी तोवर छापलीच गेली नव्हती. 'टेंपेस्ट' त्यांतले पहिलेच. नटांनी नटाचे ऋण फेडले नसते तर स्ट्रॅटफर्डच्या त्या उजेडाच्या एरिअलला बोलायला शब्दच मिळाले नसते.

येथे मराठी ख्रिस्ती माणसाला आपल्या घरचे एक उदाहरण आठवल्यावाचून राहत नाही. शेक्सपिअर १६१६ साली वारले. त्याच वर्षी गोव्यातील राचोल येथे त्यांच्याच पिढीतल्या एका इंग्रजाचा मराठी ग्रंथ छापून झाला. येशूसंघीय फादर थॉमस स्टीफन्स यांचे ते 'ख्रिस्तपुराण'. १६४९ आणि १६५४ साली त्याच्या आणखी दोन आवृत्त्या निघाल्या. या तिन्हींपैकी एकही छापील प्रत आज हाती लागत नाही. ग्रंथ टिकला तो हस्तलिखितांमुळे. लोकांनी तो उतरून घेतला, मोठ्याने वाचला आणि ऐकला. १९०७ साली मंगळूर येथे तो पुन्हा छापला गेला, तो या हस्तलिखितांच्या आधारे. छापखाना हेही त्या काळचे नवे यंत्रच. त्याने दिलेले हरवले, पण लोकांच्या कंठाने ते राखले.

मुलांना आम्ही अखेर उत्तर दिले. हेडसेट हवा तर एक घ्या. पाँपीचे आणि शेक्सपिअरचे नाट्यगृह आत शिरून पाहा, आणि त्यातले खरे किती व तर्काचे किती, हे आम्हांलाही समजावून सांगा. प्रोजेक्टर शाळेचा आहे, त्यावर समुद्र दाखवा. पण नाटक तुम्हीच करायचे. यंदा नाताळच्या दुसऱ्या दिवशी 'टेंपेस्ट'चा शेवटचा अंक मराठीत करावा असे ठरले आहे. एरिअलची भूमिका करणारी मुलगी फार भरभर बोलते. तिला सावकाश बोलायला शिकवण्याचे काम आमच्याकडे आले आहे. प्रॉम्प्टिंगलाही आम्हीच बसणार आहोत.

त्या अंकाच्या शेवटी प्रॉस्परो एकटा पुढे येतो. मंत्रबळ सोडलेले, एरिअल मुक्त झालेला, अंगी उरलेली शक्ती केवळ स्वतःची. तुमच्या टाळ्यांनी आणि प्रार्थनेने मला या बेटावरून सोडवा, तुम्हांला जशी क्षमा हवी तशी मलाही द्या, अशी विनंती तो प्रेक्षकांना करतो. विनंती ऐकायला समोर माणसे हवीत. आमच्या सभागृहात खुर्च्या पुरणार नाहीत, तेव्हा धर्मग्रामातील कुटुंबांनी त्या सायंकाळी थोडे लवकर यावे.